घरात म्हातारे फौजी आहेत: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आमचे आबा पहिल्या मराठा पलटणीत होते. १९७१ ला बांगलादेशात जमालपूरला लढले, १९८४ ला हवालदार म्हणून सुटून करवीर तालुक्यातल्या आमच्या गावी आले आणि तीन वर्षांपूर्वी गेले. शेवटची आठ वर्षं त्यांना घेऊन कोल्हापूरच्या ईसीएचएस (माजी सैनिकांची आरोग्य योजना) पॉलिक्लिनिकमध्ये फेऱ्या मारणं माझ्याकडं होतं. तिथल्या बाकावर बसून ज्या ओळखी झाल्या, त्यातून आता आठवड्याला एखादा तरी फोन येतो. चंदगडचा, गडहिंग्लजचा, कधी सैनिक टाकळीचा. प्रश्न बहुतेक तेच असतात, म्हणून एकदाच लिहून ठेवतेय. मी डॉक्टर नाही. औषधाचं डॉक्टरांना विचारा, कागदाचं जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात.

सुटून चाळीस वर्षं झाली. आता कसलं जुळवून घ्यायचं राहिलंय?

हा प्रश्न बहुतेक सुना विचारतात, आणि तो बरोबर आहे.

मोठे अधिकारी पन्नाशी ओलांडून निवृत्त होतात. जवानाचं तसं नसतं. पंधरा वर्षं भरली की तो पेन्शनला पात्र होतो आणि पस्तिशी-चाळिशीत ट्रंक घेऊन दारात उभा राहतो. पोरं शाळेत, बहिणीचं लग्न व्हायचं, घरावर कौलं जुनी. मग लगेच दुसरी नोकरी. कुणी डीएससीत (फौजेच्याच सुरक्षा दलात) भरती होतो, कुणी मेस्को या माजी सैनिक महामंडळामार्फत सिक्युरिटीत जातो, कुणी बँकेच्या दारात बंदूक घेऊन स्टुलावर बसतो. आबा साखर कारखान्याच्या गेटवर लागले. वीस वर्षं ऊस भरलेल्या बैलगाड्या आणि ट्रॅक्टर मोजले. घरी दोन म्हशी, पहाटे डेअरीला दूध घालायचं, मग ड्युटी. फौज सुटली पण घड्याळ तेच राहिलं. या सगळ्यात लढाईला वर यायला जागाच मिळाली नाही.

जागा मिळते ती सत्तरीला. गेट सुटतं, गुडघे जातात, म्हशी विकल्या जातात. पलटणीतल्या दोस्तांच्या घरून येणारा फोन आता तेराव्याचा असतो. दुपारी तीन वाजता माणूस सोप्यावर एकटाच बसलेला असतो आणि डिसेंबर १९७१ येऊन शेजारी बसतो. जगभरच्या मानसोपचारतज्ज्ञांनी हे पाहिलेलं आहे: काम, सोबत आणि तब्येत सुटली की तरुणपणी दाबलेलं म्हातारपणी वर येतं. युद्धानंतरच्या या त्रासाला पीटीएसडी हे पुस्तकी नाव मिळालं तेच १९८० साली. आबा सुटले तेव्हा ते नाव गावात पोचलं नव्हतं. गावात एवढंच म्हणायचे, "मिल्ट्रीतनं आल्यापासनं जरा तापट झालाय."

श्रीलंकेत १९८७ ते ९० मध्ये गेलेले आता साठीच्या आसपास किंवा पुढं आहेत. कारगिलवाले त्यांच्या मागोमाग. त्यांच्याही घरचे फोन सुरू झालेत.

झोपेत ओरडतात, हातपाय झाडतात. वेड लागतंय का?

नाही. पण प्रत्येक वेळी लढाईवरही ढकलू नका. आम्ही तीच चूक केली आणि दोन वर्षं घालवली.

वाईट स्वप्नं, दचकून उठणं, पाठ भिंतीला लावूनच बसणं, गर्दी नको वाटणं हे एकत्र दिसलं तर युद्धाच्या आठवणींचा त्रास असू शकतो. पण स्वप्नातली मारामारी माणूस खरंच अंथरुणात करू लागला, शेजारी झोपलेल्याला लागेल इतकी, तर ती झोपेचीच वेगळी व्याधी असते आणि कधी कधी कंपवाताची आधीची खूण असते. रक्तदाबाच्या काही गोळ्यांनीही भडक स्वप्नं पडतात. लघवीला चारदा उठणाऱ्याची झोप तशीही मोडलेलीच. म्हणून डॉक्टरांना 'फौजी आहेत, झोप लागत नाही' एवढंच सांगू नका. काय करतात, किती वाजता करतात, कोणत्या गोळ्या चालू आहेत, ते चिठ्ठीवर लिहून न्या.

उठवताना अंगाला हात लावू नका. आई पहिल्याच वर्षी हे शिकली होती. ती पायाशी, हात पोचणार नाही इतक्या अंतरावर उभी राहायची, दिवा लावायची आणि नेहमीच्या आवाजात म्हणायची, "हवालदारसाहेब, घरी आहात." नावानं हाक मारली तर जागे व्हायचे नाहीत, हुद्द्यानं व्हायचे. का ते मला आजही कळलेलं नाही.

मानसोपचाराला न्यायचं म्हटलं की चिडतात. काय करू?

'मानसोपचार' हा शब्दच काढू नका. 'झोपेचे डॉक्टर' म्हणा, खोटं नाही ते. फौजेत मेडिकल कॅटेगरी खाली गेली की प्रमोशन हुकतं, हे त्यांनी आयुष्यभर पाहिलंय, त्यामुळं मनाचं दुखणं लपवणं त्यांच्या अंगात मुरलेलं असतं. कोल्हापुरात सीपीआर या सरकारी दवाखान्यात मानसोपचार विभाग आहे, ईसीएचएसकडून रेफरलही मिळतो. घरातून बाहेर पडायलाच तयार नसतील तर टेली-मानस या सरकारी मदतसेवेचा १४४१६ हा नंबर चोवीस तास चालू असतो, फुकट आहे आणि मराठीत बोलता येतं. फौजींसाठी त्याचा वेगळा कक्ष १ डिसेंबर २०२३ पासून पुण्यात एएफएमसी या फौजेच्या मेडिकल कॉलेजमध्ये सुरू झाला. पहिला फोन तुम्ही स्वतः करा, त्यांच्या हातात देण्याची घाई नको.

घरात परवान्याची बंदूक आहे.

गार्डच्या नोकरीसाठी घेतलेली बारा बोअर पुष्कळ घरांत माळ्यावर पडून असते. माणूस गप्प गप्प राहू लागला, जेवण तुटलं, 'आता बास झालं' असं म्हणू लागला, तर त्याच दिवशी ती घरातून हलवा. पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडं जमा करता येते. निवडणुकीत शस्त्रं जमा करायची सवय असतेच, तेच निमित्त सांगा. आणि 'मरावंसं वाटतं का?' असं सरळ विचारा. विचारल्यानं डोक्यात भलतं शिरत नाही.

गणपतीत डॉल्बी लागला की बिथरतात. दिवाळीत तर विचारूच नका.

कोल्हापूरची विसर्जन मिरवणूक आणि डॉल्बी, यावर मी काय बोलणार! आबांना फटाक्याची लड चालायची, कारण ती दिसायची. त्रास व्हायचा तो छातीत बसणाऱ्या ठोक्याचा आणि न सांगता फुटणाऱ्या सुतळी बॉम्बचा. एका वर्षी मिरवणूक दारावरून गेली तेव्हा ते स्वयंपाकघरात फ्रिज आणि भिंतीच्या मधल्या फटीत उकिडवे बसलेले सापडले. अंधारात, हातात स्टीलचा तांब्या. मी दिवा लावला तर म्हणाले, "बंद कर, बंद कर."

त्यानंतर आम्ही एक केलं. तालमीच्या, म्हणजे गणपती मंडळाच्या पोरांना सांगून ठेवलं. पोरं समजूतदार निघाली; 'काकू, आम्ही कोपऱ्यापासनं आवाज कमी करतो' म्हणाली आणि एक पोरगं आधी येऊन आबांना सांगून जायचं, "मेजर, दहा मिनिटात येतोय." आधी सांगितलेला आवाज त्यांना सहन व्हायचा. शक्य असेल तर तेवढे दोन दिवस गावाकडच्या घरी न्या.

लढाईबद्दल विचारावं की न विचारलेलं बरं?

विचारा, पण उत्तराची अपेक्षा धरू नका.

प्रत्येक म्हाताऱ्या फौजीकडं एक 'सांगायची' लढाई असते. आबांची ठरलेली होती. जमालपूरला वेढा पडला तेव्हा ब्रिगेडियर क्लेर यांनी आतल्या पाकिस्तानी बलूच पलटणीला शरण येण्याचं पत्र पाठवलं. तिथल्या कर्नलनं उत्तराबरोबर एक गोळी गुंडाळून पाठवली. मग १० डिसेंबरच्या रात्री ती पलटण निसटायला निघाली आणि रस्त्यावर दबा धरून बसलेल्या मराठ्यांवर येऊन आदळली. हा किस्सा आबा शाळेत, लग्नात, न्हाव्याच्या दुकानात, कुठंही सांगायचे. दर वेळी त्याच शब्दात, गोळी गुंडाळल्याची खूणसुद्धा त्याच दोन बोटांनी. लोक टाळ्या वाजवायचे.

दुसरी लढाई त्यांनी मला एकदाच सांगितली. सुगीत, आमच्या खाचरात भात कापताना. मी बांधावर पेंढ्या बांधत होते. विळा थांबवून म्हणाले, "तिथंबी भात कापायला आलेलं." सकाळी उजाडलं तेव्हा रस्त्याकडेच्या शेतात माणसं पडलेली होती, त्यांची मोजणी लागली होती. आबांना आठवत होतं ते त्यांच्याखाली लोळलेलं पीक. एक बंगाली म्हातारा शेताच्या कडेला येऊन उभा राहिला. बोलला काहीच नाही. लोंब्या उचलून ओंजळीत धरून बघत राहिला. "त्याचं वरीसभराचं गेलं," एवढं म्हणून आबा परत कापायला लागले. बत्तीस वर्षांनी सांगितलं, आणि मी त्यावर एक शब्द बोलले नाही, ते बरंच झालं.

म्हणून माझा अनुभव असा: समोर बसवून, मोबाईल रोखून 'सांगा ना आबा' म्हटलं की पहिली लढाई मिळते. दुसरी हाताला काम असताना निघते. शेंगा फोडताना, गाडीतून जाताना. 'किती जण मारले?' हे नातवंडांना विचारू देऊ नका.

घरात सगळ्यांना फॉलिन करतात, म्हणजे परेडसारखं रांगेत उभं करतात. वैताग आलाय.

समजू शकते. आमच्याकडं टॉवेलची घडी चुकली तर पूर्ण कपाट रिकामं व्हायचं. यावर उपाय एकच सापडला, त्यांच्या ताब्यात खरंखुरं काहीतरी द्या. पाण्याची मोटर, गॅसचा नंबर, नातवाला सकाळी पळायला नेणं. आमच्या गावात भरतीची तयारी करणारी पोरं माळावर पळतात; आबा शिट्टी घेऊन तिथं जायला लागले आणि माझं कपाट वाचलं.

आईचं काय?

याबद्दल कुणी विचारत नाही, मीच प्रश्न घातलाय.

सतरा वर्षांत नवरा वर्षाला दोन महिने रजेवर यायचा. बाकीचे दहा महिने आईचे. तिनं मनीऑर्डरवर घर चालवलं, विहिरीवर मोटर बसवली, भाऊबंदकीचा दावा कोर्टात लढवला, सासू-सासऱ्यांचं केलं. १९७१ च्या डिसेंबरात तीन आठवडे पत्र नव्हतं. १६ तारखेला ढाक्यात शरणागती झाली ते रेडिओवर ऐकलं. पण नवरा आहे की नाही, ते जानेवारीत कार्ड आलं तेव्हा कळलं. त्या तीन आठवड्यांत गल्लीत पोस्टमन दिसला की ती मागच्या दारानं परड्यात जायची.

आणि १९८४ ला हा माणूस कायमचा घरी आला आणि दुसऱ्या दिवशी म्हणाला, "मोटरीची चावी कुठाय?" आई अजून हसत हसत सांगते, पण ती चावी तिनं आठ महिने दिली नव्हती.

म्हातारपणी हे सगळं परत उकरून निघतं. दोघंही दिवसभर घरात, त्याला ऐकू कमी, तिला झोप कमी. त्याची रात्र मोडली की हिचीही मोडते आणि डॉक्टरकडं बीपी त्याचंच तपासलं जातं. आईलाही वेगळं दाखवा. ईसीएचएसमध्ये बायकोचं नाव असतंच. आणि वर्षातून पंधरा दिवस तिला माहेरी किंवा बहिणीकडं पाठवा. तेवढे दिवस आपण सांभाळायचं.

खरंच ऐकू येत नाही, की ऐकायचंच नाही?

दोन्ही! पण तोफा, मॉर्टर, रायफल यांच्या आवाजानं आधी बारीक, उंच पट्टीचं ऐकू येणं जातं. म्हणजे बायकांचा आणि लहान मुलांचा आवाज. मित्राचा घोगरा आवाज कळतो आणि नातीचा कळत नाही, यात ढोंग काही नाही. नाक-कान-घसा तज्ज्ञांनी लिहून दिलं तर ईसीएचएसमधून श्रवणयंत्र मिळतं. वापरायची सवय व्हायला महिना-दोन महिने लागतात. आठवड्यात डब्यात ठेवून देऊ नका.

मिल्ट्री कॅन्टीनची दारू बंद करून टाकू का?

एका दिवसात नको. रोज पिणाऱ्याची दारू एकदम तुटली तर दोन-तीन दिवसांत हात थरथरतात, भास होतात, जिवावर बेतू शकतं. डॉक्टरांच्या सल्ल्यानंच कमी करायची. झोपेच्या गोळीवर दारू तर अजिबात नाही. घरात कोटा कोण पितं, हेही एकदा बघा. पुष्कळदा कार्ड म्हाताऱ्याचं असतं आणि बाटल्या पोराच्या.

हयातीच्या दाखल्याला अंगठा उमटत नाही.

ऊस, खुरपं, शेणघाण यात बोटांच्या रेषा गेलेल्या असतात. चेहरा दाखवून दाखला काढायची सोय आहे. जीवन प्रमाण ॲप आणि त्यासोबत आधारचं फेस ॲप मोबाईलवर घ्यायचं. उजेडात बसवा, टोपी काढा आणि डोळे मिचकावायला सांगा. आमच्याकडं मिचकावण्यावर वीस मिनिटं गेली, कारण कॅमेऱ्यासमोर आबा सावधान बसायचे. पोस्टमनला घरी बोलावूनही होतं.

चूक होते ती पुढं. पेन्शन आता स्पर्शमधून (संरक्षण खात्याच्या ऑनलाइन पेन्शन व्यवस्थेतून) येत असेल तर पैसे देणारी संस्था म्हणून बँक निवडायची नाही, 'स्पर्श – पीसीडीए (पेन्शन्स)' निवडायचं. मंजुरी देणारं खातं 'डिफेन्स – पीसीडीए (पी) अलाहाबाद'. बँक निवडली तर दाखला निघतो पण पोचत नाही, आणि पेन्शन थांबल्यावर कळतं. ऐंशीच्या वरच्यांना नोव्हेंबरची वाट बघावी लागत नाही, १ ऑक्टोबरपासून देता येतो.

ऐंशीनंतर पेन्शन वाढते म्हणतात, खरं का?

हो. ऐंशीला मूळ पेन्शनच्या २० टक्के, पंच्याऐंशीला ३०, नव्वदला ४०, पंच्याण्णवला ५० आणि शंभरीला पूर्ण १०० टक्के जादा. कुटुंब पेन्शन घेणाऱ्या बाईलाही तिच्या स्वतःच्या वयाप्रमाणं हेच मिळतं. जन्मतारीख रेकॉर्डला नसेल तर अडतं, म्हणून ती आताच बघून घ्या. वन रँक वन पेन्शन, म्हणजे सारखा हुद्दा आणि सारखी सेवा तर सारखी पेन्शन, हे वेगळं. ते १ जुलै २०१४ पासून लागू झालं, दर पाच वर्षांनी नव्यानं ठरतं, शेवटचं १ जुलै २०२४ चं.

पेन्शनच नाही. पंधरा वर्षं भरली नव्हती.

अशी माणसं जुन्या पिढीत बरीच आहेत आणि ती सत्काराच्या यादीतही नसतात. वय ६५ च्या वर, हुद्दा हवालदार किंवा त्याखालचा आणि पेन्शन नसेल तर केंद्रीय सैनिक बोर्डाकडून महिना मदत मिळते. ती ४,००० होती, १ नोव्हेंबर २०२५ पासूनच्या अर्जांना ८,००० झाली. विधवांनाही आहे. अर्ज जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयातून जातो. डिस्चार्ज बुक शोधा. ते ट्रंकेच्या झाकणाला चिकटवलेल्या कागदाच्या मागं असतं, निदान आमचं होतं.

आईचं नाव पेन्शनच्या कागदावर वेगळं आहे.

माहेरचं एक, लग्नात ठेवलेलं दुसरं आणि आधारवर तिसरं. पीपीओवर (पेन्शन मंजुरीच्या कागदावर) जे नाव असेल तेच खरं धरलं जातं. वडील आहेत तोवर हे दुरुस्त करा. त्यांची एक सही असली की काम सोपं होतं, नंतर प्रतिज्ञापत्रं, दाखले आणि बेळगावच्या रेकॉर्ड ऑफिसशी पत्रव्यवहार. आमचं एक अक्षर चुकलं होतं, सात महिने गेले. कुटुंब पेन्शन साधारण शेवटच्या पगाराच्या ३० टक्के असते, किमान ९,००० आणि त्यावर महागाई भत्ता.

घरफाळा माफ आहे ना?

एका घरापुरता, माजी सैनिक किंवा त्यांच्या विधवा पत्नीला. २०२० ची राज्याची योजना आहे. सैनिक कल्याण कार्यालयाचा दाखला जोडून अर्ज करा.

२६ जानेवारीला शाळा सत्काराला बोलावते. पाठवावं का?

त्यांना जायचं असेल तर पाठवा. मेडल लावून, नीट इस्त्री करून. फक्त उन्हात दीड तास उभं करू नका आणि शाळेला सांगा की मुलांनी प्रश्न कागदावर लिहून द्यावेत, म्हणजे ऐकू येण्याचा घोळ होत नाही. एकानं आबांना लिहून विचारलं होतं, "तिकडं जेवायला काय होतं?" त्यावर ते अर्धा तास बोलले. शकरपारे, डाळ, मेस टिनमधला चहा. इतके खुलून मी त्यांना कुठल्याच व्यासपीठावर बघितलं नाही.

विसरायला लागलेत. पहाटे उठून 'ड्युटी आहे' म्हणून घराबाहेर पडतात.

याला डॉक्टर लागतोच, लवकर. थायरॉईड, बी-बारा, मेंदूत साकळलेलं रक्त अशी बरी होणारी कारणं आधी तपासतात. तोवर खिशात नाव आणि फोन नंबरचं कार्ड ठेवा, दाराला वर कडी लावा, आणि गल्लीतल्या दूधवाल्याला, पेपरवाल्या पोराला सांगून ठेवा. पहाटे साडेचारला जागी असलेली माणसं हीच.

वाद घालू नका. 'आबा, तुम्ही १९८४ ला सुटलाय' असं मी पहिल्यांदा सांगितलं तेव्हा त्यांनी माझ्याकडं असं बघितलं, जणू मी नोकरी घालवली त्यांची. नंतर आईनंच ते हातात घेतलं. आबा दाराशी उभे, स्वेटरची बटणं वरखाली लागलेली, हातात काठी. ती त्यांच्या शेजारी जाऊन उभी राहायची, बाहेर अंधारात बघितल्यासारखं करायची आणि म्हणायची, "रिलीफ आलाय, हवालदारसाहेब. चार्ज द्या."

मग आबा काठी तिच्या हातात द्यायचे आणि आत येऊन चहा मागायचे.